भिंतीवरचे आठ जण

क्लेबेर आला त्या दिवसापासून ओग्न्यानचं डोकं ठिकाणावर नव्हतं. सिमेंट कारखान्याच्या मालकाने पैसा पाण्यासारखा ओतून 'लेयार' क्लबसाठी आठ परदेशी खेळाडू आणले आणि त्यातल्या या ब्राझीलच्या पोराला ओग्न्यानची जागा दिली. चौदा वर्षं गावासाठी गोल करणारा ओग्न्यान राखीव खेळाडूंच्या बाकावर जाऊन बसला.

पोरगा माजोरडा असता तर चार शिव्या तरी हासडता आल्या असत्या. तो तर "कॅप्टन, कॅप्टन" करत गळ्यात पडायचा. ओग्न्यान आणखीच जळायचा. बेकरीवाली बाई क्लेबेरला चीज भरलेली गरम बानित्सा फुकट द्यायची; ओग्न्यानला विचारायची, "सुट्टे आहेत ना?"

संघ मात्र हरत सुटला. आठांपैकी कुणाचा गुडघा दुखायचा, कुणाला थंडी बाधायची, आणि एकाचं बोलणं दुसऱ्याला कळायचं नाही. दर पराभवानंतर ओग्न्यान चारचौघांत तोंड पाडून बसायचा. मनात मात्र उकळ्या फुटायच्या. बायकोच्या, रोसित्साच्या, नजरेतून ते सुटलं नाही.

"हरून आलास ना? मग शीळ कसली घालतोयस?"

"सहज."

"जळकुटा मेला! क्लब बुडाला तर तूही बुडशील."

"मी बाकावर आहे. लाकूड तरंगतं."

शेवटचा सामना जिंकला तरच लेयार वरच्या गटात राहणार होता. शून्य-शून्य असताना कोचने ओग्न्यानला उतरवलं. अगदी अखेरीस चेंडू त्याच्या पायाशी आला. डावीकडे क्लेबेर एकटा मोकळा होता, हात वर करून ओरडत होता, "कॅप्टन!" एक साधा पास पुरला असता. पण उद्या गाव या पोराला खांद्यावर घेऊन नाचणार, हे ओग्न्यानला लख्ख दिसलं. त्याने स्वतःच मारला. चेंडू बचावपटूच्या नडगीवर आपटून बाहेर गेला आणि शिट्टी वाजली. क्लेबेर तिथेच गवतावर बसून रडला.

दुसऱ्या दिवशी ओग्न्यान टोपी डोळ्यांवर ओढून बाहेर पडला. लोक तोंडावर थुंकतील याची त्याने तयारी ठेवली होती. खरं तर तो त्याची वाटच पाहत होता.

बसथांब्याच्या भिंतीवर, गावातल्या मयतांच्या निधनवार्ता चिकटवतात तिथे, चाहत्यांनी काळ्या चौकटीचा कागद लावला होता. 'आमचा लेयार गेला. मारेकरी पुढीलप्रमाणे.' खाली आठ फोटो. मधोमध क्लेबेर, सगळ्यांत मोठा.

एकही सामना न चुकवणारा म्हातारा सोतिर कागदाचा सुटलेला कोपरा दाबत होता.

"सोतिरकाका, यात मी नाही."

"तू कशाला असशील?"

"शेवटचा चेंडू मी घालवला."

"काहीतरीच! तो क्लेबेर होता. सगळे तेच म्हणतायत."

"मैदानाच्या त्या टोकाचं तुम्हाला कुठे दिसतं? मी होतो, काका! तो मोकळा होता, आणि मी मुद्दाम पास दिला नाही!"

म्हाताऱ्याचे डोळे भरून आले. त्याने ओग्न्यानचा खांदा थोपटला.

"मनाचा मोठा आहेस बाबा. परक्या पोराचं पाप अंगावर घ्यायला निघालास. पण गाव खुळं नाही."

येणाराजाणारा थांबून क्लेबेरच्या फोटोला शिवी घालून पुढे जात होता. ओग्न्यानकडे कुणी मान वळवूनही बघत नव्हतं. बसमध्ये चढताना त्याला हेवा वाटत होता तो त्या शिव्यांचा.