खारीमहाराजांचं दूध

खार मेली आहे, यावर अख्ख्या मैदानाचं एकमत होतं.

खारीमहाराजांनी ती उचलून सगळ्यांना दाखवली. बोटभर पिल्लू, डोळे अजून मिटलेले, पाठीवरचे पट्टे नुकते उमटू लागलेले. मान लोंबत होती. पुढच्या रांगेतल्या बायकांनी हात लावून पाहिला. बर्फासारखं गार. एकीने बोटं पदराला पुसली.

"गेली ना?" महाराजांनी विचारलं.

"गेली," मैदान म्हणालं.

"डॉक्टरला विचारून खात्री करायची का?"

लोक हसले.

"जिच्या पाठीवरून प्रभूंची बोटं फिरली, तिला न्यायचं तर यमानेही आम्हाला विचारायला हवं. आज आम्ही नाही म्हणतोय."

पिल्लू त्यांनी मांडीवर घेतलं, वरून भगवी शाल ओढली आणि भजन सुरू झालं. ढोलकी, झांजा, टाळ्या. चांगलं अर्धा तास चाललं. मग शाल हळूच वर झाली. पिल्लाचा एक पाय हलला, मग दुसरा, मग ते बारीक चिरकलं. बायका रडू लागल्या, कुणी जमिनीवर डोकं टेकलं ते उचलेना. महाराजांनी पिल्लाला तळहातावर उताणं केलं आणि चांदीच्या चमच्याने त्याच्या तोंडात गाईचं दूध ओतलं. पिल्लू शिंकलं. दूध नाकातून बाहेर आलं.

"पोट भरलं," महाराज म्हणाले. "उरलेलं परत करतंय. माणसाला एवढी रीत नाही."

"पण ती मेलेलीच होती, हे कशावरून?" मागच्या बाजूने एका म्हाताऱ्याने विचारलं. विचारणं साधं होतं. देवेश नावाचा महाराजांचा आडदांड शिष्य गर्दी कापत गेला आणि त्याने हातातली काठी आडवी त्याच्या तोंडावर मारली. म्हातारा खाली बसला. मातीत रक्त पडलं, रक्तात दोन दात.

"शंकेचे दात किडलेलेच असतात," महाराज माइकवरून म्हणाले. "काढलेले बरे."

लोक पुन्हा हसले. म्हाताऱ्याच्या शेजारी उभे होते, तेही.

रसिका हसली नाही. महाराजांच्या मंचामागच्या पडद्याखालून पाण्याचा एक बारीक ओघळ येत होता, तिचं लक्ष त्यावर होतं. माघातली थंड सकाळ, पाऊस नाही, नळ नाही. मग पाणी कुठलं?

तिचे वडील हरिहर श्रावणात गेले. लकव्याने त्यांचं गिळणं गेलं होतं, नाकातल्या नळीतून त्यांना पातळ आहार द्यायचे. रसिका औषधं आणायला ठाण्यात खोपटला गेलेली असताना काकांनी याच महाराजांचं तीर्थदूध आणून त्यांच्या तोंडात घातलं. भावाच्या मायेनेच घातलं. इस्पितळातल्या डॉक्टरांनी नंतर एकच वाक्य सांगितलं, की दूध पोटात न जाता फुफ्फुसात गेलं. काकांना ते आजही पटलेलं नाही. त्यांच्या मते दादांचं आयुष्यच तेवढं होतं.

आणि मग गेल्या आठवड्यात रसिकाच्या खिडकीखाली खारीचं घरटं पडलं. महाराजांची पोरं काठ्यांनी घरटी पाडत फिरत होती, त्यांच्या हातून सुटलेलं एक पिल्लू गटाराच्या झाकणावर निपचित पडलं होतं. गार, लोळागोळा. मेलंय असं समजूनच तिने ते रुमालात घेतलं आणि वागळे इस्टेटजवळ जनावरांचा दवाखाना चालवणाऱ्या डॉक्टर विनिताकडे नेलं.

"मेलं नाहीये, गारठलंय," विनिता म्हणाली. "केस नसलेल्या पिल्लाला स्वतःची ऊब टिकवता येत नाही. गार पडलं की सगळं मंद होतं. श्वास इतका हळू की दिसत नाही. ऊब दे, उठेल."

"आणि दूध?"

"गार पिल्लाच्या तोंडात काहीही घालायचं नाही. त्याला गिळताच येत नाही, सगळं फुफ्फुसात जाईल. आधी ऊब, मग पाणी, अन्न सगळ्यात शेवटी. हा क्रम मोडलास की तू मारलंस त्याला."

अर्ध्या तासात ते पिल्लू रसिकाच्या तळहातावर वळवळू लागलं.

आज मैदानाच्या कडेला एक रुग्णवाहिका उभी होती. आत मयूर होता, बावीस वर्षांचा, मोटारसायकलवरून पडून डोक्याला मार बसलेला. महिनोन् महिने शुद्ध नाही. नाकात नळी. दुसरी खार उठली की नळी काढून महाराज त्याला स्वतःच्या हाताने दूध पाजणार होते. मयूरची आई लक्ष्मी गाडीच्या दाराशी उभी होती. कळव्याच्या जुन्या गावठाणातली बाई, उंच, कपाळावर मोठं कुंकू. हे मैदान तिच्याच सासऱ्यांचं, कधीकाळी इथे त्यांची मिठागरं होती.

"मावशी, नळी काढू देऊ नका," रसिका तिला म्हणाली.

"तू कोन गो?"

"माझ्या बाबांना असंच पाजलं होतं. याच महाराजांचं दूध. ते गेले."

"तुझे बापाचा नशीब. माझे पोराला त्यात वडू नको."

"नशीब नाही हो. गिळता येत नसलं की दूध फुफ्फुसात जातं."

"डाक्टर बी असाच बोलतात. सा महिनं नुसताच बोलतात." लक्ष्मीचा आवाज चिरफाळला. "मरेली खार उठली, ती मी माझे डोल्यांनी बघितली. तुझा डाक्टर उठवील का?"

"मी उठवते," रसिका म्हणाली.

लक्ष्मीने तिच्याकडे वेड्या माणसाकडे बघतात तसं बघितलं.

दुसरं पिल्लू ताटात आलं. रसिका मंचाच्या कठड्यावरून चढली, ताटातून पिल्लू उचललं आणि अंगातल्या वडिलांच्या जुन्या स्वेटरखाली, पोटाशी धरून खाली बसली. पहिली काठी खांद्यावर बसली. दुसरी कानावर, आणि त्या कानात मग नुसता एकच सूर वाजत राहिला. तिने गुडघे छातीशी घेतले, मध्ये पिल्लापुरती पोकळी ठेवली. कुणीतरी बरगडीत लाथ घातली. बायकांनी केस धरून मान मागे ओढली, मघाशी रडत होत्या त्याच बायकांनी. तोंडात रक्ताची खारट चव आली.

"भजनाशिवाय उठली तर?" ती ओरडली. "मावशी, भजनाशिवाय उठली तर काय कराल?"

देवेशने काठी पुन्हा उगारली. ती खाली आलीच नाही. लक्ष्मीने मागून धरली होती. त्याने हिसका दिला, तेव्हा तिने काठी सोडवून घेतली आणि त्याच्या नडगीवर अशी हाणली, की तो कळवळत मंडपाच्या खांबाला टेकला.

"मैदान माझे सासऱ्याचा हाय," ती म्हणाली. "तुमी अर्धा तास घेता ना? हिला बी अर्धा तास. कोनी गानार नाय, कोनी बोलनार नाय. माझे पोराची नली काढायची हाय, मना आधी बघायचा हाय."

"माते, श्रद्धा डळमळली की फळ जातं," महाराज म्हणाले.

"मग जाव दे. तुमचेकडं फला लय हायेत."

ती काठी आडवी धरून रसिकाच्या पुढ्यात बसली. मैदान गप्प झालं. आणि गप्प झालं म्हणूनच तो आवाज ऐकू आला. महाराजांच्या पुढ्यात ठेवलेलं, मघाशी दूध पाजलेलं पहिलं पिल्लू श्वास घेताना टकटक वाजत होतं. प्रत्येक श्वासाला नाकपुडीवर दुधाचा एक बुडबुडा येई आणि फुटे. पुढच्या रांगेतल्या बायका पुढे सरकल्या. पिल्लाचं तोंड निळसर पडलं. ते एकदा ताणलं गेलं, पाय लांब केले आणि मेलं. या वेळी खरोखर मेलं.

"पाप्याची सावली पडली," महाराज म्हणाले. कुणी हसलं नाही.

लक्ष्मी त्या बुडबुड्याकडे बघत राहिली. मग मान वळवून गाडीकडे.

रसिकाच्या पोटाला काहीतरी टोचलं. बारीक नखं. तिने थांबून वाट पाहिली. पिल्लू पुरतं गरम होऊ दिलं. मग स्वेटर वर केला. गुलाबी पोट, वळवळणारे पाय. पिल्लू चिरकलं आणि तळहाताच्या उबेत तोंड खुपसून काही शोधू लागलं.

"दूध दे त्याला," गर्दीतून कुणीतरी म्हणालं.

"दूध नाही." ओठ सुजल्यामुळे तिला शब्द नीट उच्चारता येत नव्हते. "गाईचं दूध तर कधीच नाही. बघा, आता हे गरम आहे, हलतंय, चाटतंय. म्हणून आता पाणी." विनिताने दिलेली बिनसुईची पिचकारी तिने खिशातून काढली. आत जलसंजीवनीचं कोमट पाणी. पिल्लू तिने पालथंच धरलं, पोट खाली, डोकं किंचित वर, आणि ओठाशी एक थेंब आणला. आत ढकलला नाही. पिल्लाने तो चाटला. ती थांबली. मग दुसरा थेंब. नाक कोरडं होतं, श्वास शांत. "अंगातलं पाणी भरून निघालं की मग पिल्लांची वेगळी दुधाची पावडर मिळते, ती पातळ करून. यात मंत्र कुठे आला? हे मेलेलंच नव्हतं. गारठवलेलं होतं."

"कुनी गारठवला?" लक्ष्मीने विचारलं.

रसिकाने पाण्याच्या ओघळाकडे बोट केलं.

लक्ष्मीने पडदा ओढला तो फाटूनच आला. मागे मासळीवाले वापरतात तसा थर्माकोलचा खोका होता. तिने तो पायाने उलथला. बर्फाचा चुरा, ओली फडकी आणि पिल्लं. कितीतरी पिल्लं, बहुतेक ताठरलेली. उठली तर चमत्कार, न उठली तर पापी कोण ते शोधायचं. मग तिने महाराजांच्या मांडीवरची शाल उपसली. खाली रबराची गरम पाण्याची पिशवी होती.

"अरे, हा तर दगडू," कुणीतरी ओळखलं. "फाटकाजवळ पोपट विकायचा तो."

त्यानंतर जे झालं ते रसिकाला थांबवता आलं नाही. गर्दी मंचावर चढली. ज्या हातांनी तिचे केस ओढले होते तेच हात दगडूची दाढी उपटत होते. त्याचं नाक फुटलं, मनगट मोडल्याचा आवाज झाला. "मारू नका, पोलिसांत द्या," ती ओरडत राहिली. "मघाशी विचारलं नाहीत, आता तरी विचारा त्याला." कुणाला विचारायचं नव्हतं. विचारण्यापेक्षा मारणं सोपं असतं, मघाच्या म्हाताऱ्याच्या वेळीही तसंच होतं. पोलीस आले तेव्हा दगडू मंचाखाली लपला होता आणि रक्ताळलेल्या तोंडाने स्वतःच सांगत होता, की पक्षी विकताना थंडीत गारठलेली पिल्लं दिव्याखाली उठतात, हे त्याने पाहिलं होतं. एवढीच त्याची सिद्धी.

रसिका गाडीपाशी आली. पिल्लू स्वेटरखाली झोपलं होतं. मयूर आत पडून होता, छाती वरखाली होत होती, नळी जागेवर होती. लक्ष्मी त्याचा पाय धरून बसली होती.

"मग याला मी कधी पाजू गो?" तिने विचारलं. आता आवाजात ताठा नव्हता.

"गिळता येतंय का ते डॉक्टर तपासतील, त्यांनी हो म्हटल्यावर. कदाचित लवकर नाही. कदाचित कधीच नाही, मावशी. पण नळीतून तो जगतोय."

तेवढ्यात मयूरची आत्या सुमती मागच्या दाराने आत शिरली. मंडपातलं दुधाचं भांडं आणि तोच चांदीचा चमचा तिच्या हातात होता. "एवढा जमवलाच हाय, तर एक चमचा," ती पुटपुटली. "देवाचा हाय. एका चमच्यान काय हुतं."

चमचा मयूरच्या ओठांपर्यंत पोचला होता. लक्ष्मीने नणंदेचं मनगट पकडलं आणि पिळलं. दूध चादरीवर सांडलं. सुमती कळवळली, तरी लक्ष्मीने सोडलं नाही.

"एका चमच्यान हिचा बाप गेला," ती म्हणाली. "देवाला पाजायचा त देवलात जा."

आजाऱ्यावर माया करणारी माणसं आपल्याकडे पुष्कळ आहेत, आणि चमचा बहुतेक वेळा त्यांच्याच हातात असतो. म्हणून एवढंच सांगायचं. ज्याला गिळता येत नाही, मग तो बाप असो, पोर असो की झाडावरून पडलेली खार, त्याच्या तोंडात दूध घालू नका, गंगा घालू नका, तीर्थ घालू नका. ऊब द्या. जाणत्याकडे न्या. आणि मेलेलं उठलं असं कुणी सांगितलं, तर ते मेलंच होतं कशावरून, हे विचारणाऱ्या माणसाच्या बाजूला जाऊन उभे राहा.