उशिरा सापडलेली डोण

मित्रांनो, गुराढोरांनी तोंड घालून पाणी प्यावं अशी दगडी डोण मी. आता फार जुनी झाले आहे. दौलताबादच्या किल्ल्याखाली, ओढ्याकाठच्या एका विहिरीपाशी पाथरवटाने मला एकाच काळ्या दगडातून घडवलं. माझा एक काठ त्याने बैलांसाठी उंच ठेवला आणि दुसरा मुद्दाम बुटका केला. त्या बुटक्या काठावर माना टेकवून मेंढरं पाणी पीत. त्यांच्या मानांनी तो काठ गुळगुळीत झाला.

एका पावसाळ्यात ओढ्याला मोठा पूर आला. दरड ढासळली आणि तिच्यासोबत मीही गाळात गेले. मला कोणी शोधलं नाही. वर निजामाचं राज्य गेलं, कोर्टातली उर्दू जाऊन मराठी आली. हे सारं मी पुढे लोकांच्या बोलण्यातून ऐकलं.

विहिरीचे मालक आप्पासाहेब यांनी विहिरीभोवती काटेरी कुंपण घातलं. त्रिंबक आणि त्याची बायको बानाबाई यांची मेंढरं तिथं वाडवडिलांपासून पाणी पीत आली होती. त्रिंबकने औरंगाबादच्या कोर्टात दावा लावला. "इथं मेंढरांना पाण्याचा हक्क कधीच नव्हता," असं आप्पासाहेबांनी सांगितलं, आणि त्यांना खरोखर तसंच वाटत होतं. त्रिंबकच्या बाजूने बोलणारं जुनं माणूस सापडेना. दोन्हीकडचा पुरावा देऊन संपला, आता फक्त निकाल उरला. दावा हरला तर त्रिंबकला मेंढरं घेऊन गाव सोडावं लागणार होतं.

मेंढरं तहानेने ओरडत होती, म्हणून बानाबाई कोरड्या ओढ्यात झिरा खणायला बसली. तिची पहार माझ्यावर आदळली.

"अवं, ही डोण हाय! आन् ह्यो काठ बघा, मेंढरांचाच!"

बैलगाडीतून मी कोर्टाच्या आवारात आले. आप्पासाहेबांचे वकील म्हणाले, "साहेब, पुरावा केव्हाच संपलाय. आता असे धोंडे घेत बसलो तर दावे मिटायचे कधी?" त्यांचं म्हणणं काही चुकीचं नव्हतं.

मला आत नेता येईना, म्हणून न्यायाधीश स्वतः उन्हात बाहेर आले. त्यांनी बानाबाईला विचारलं, "ही आधी का आणली नाही?"

"मातीत गाडली व्हती, साहेब. आम्हाला तरी कुठं ठाव व्हतं?"

न्यायाधीशांनी वाकून माझा बुटका काठ पाहिला. मग सावकाश म्हणाले, "उशिरा आलेला पुरावा घ्यायचा की नाही, हे कायद्यानं माझ्यावर सोडलंय. म्हणून तर मला जास्त जपावं लागतं. या लोकांनी ही मुद्दाम लपवली नव्हती, तेव्हा डोण पुराव्यात घेतो. पण आप्पासाहेबांनाही उत्तराची संधी मिळेल. त्यांनी आपला साक्षीदार आणावा. त्याआधी निकाल नाही."

मी दगडाची, तरी शहारले. एवढी सत्ता हाती असलेला माणूस इतका सांभाळून बोलत होता!

पुढच्या तारखेला आप्पासाहेबांनी आपल्या आईला आणलं. मनकर्णाबाई कित्येक वर्षं करमाडला लेकीकडे राहत होत्या. 'ही डोण आपली नव्हेच' असं त्या सांगतील, अशी त्यांच्या लेकाची खात्री होती. मनकर्णाबाईंनी माझ्या बुटक्या काठावरून हात फिरवला आणि डोळ्यांना पदर लावला.

"ही आपल्याच इहिरीवरची. मामंजींनी मेंढरांसाठीच काठ उतरवून घेतला व्हता. ही पुरात गेली तवा तू पाळण्यात व्हतास."

"आई, मला कधी बोलली नाहीस!"

"तू कधी इचारलंस, बाबा?"

निकाल त्रिंबकच्या बाजूने लागला. कुंपण आप्पासाहेबांनी स्वतःच काढलं आणि मला परत विहिरीपाशी बसवलं. पहिली बादली मनकर्णाबाईंनी ओतली. त्या दिवशी मी काठोकाठ भरले.

मित्रांनो, तुमच्या दारी कोणी उशिरा आलं, तर दार लावण्याआधी 'उशीर का झाला?' एवढं तरी विचारा. त्याचं ऐका, मग समोरच्याचंही ऐका. आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसांशी, ती आहेत तोवर, बोलत जा.