सातवी ताटली

ऑर्व्हिल डेसीला घोड्यावर बसता येत नव्हतं. पण सात वर्षांत त्याने टेलिव्हिजनवरच्या साठेक काउबॉय-कथा लिहिल्या होत्या, आणि त्यांत निदान चारशे घोडे तरी दौडवले होते. कुणी चिडवलं तर तो म्हणायचा, "अरे बाबा, मी खून कुठे केलेत? तरी पंधरा वर्षं खुनाच्या गोष्टी लिहून पोट भरलंच ना?"

ते खरंच होतं. डलुथच्या एका वर्तमानपत्रात गुन्हेगारीच्या बातम्या लिहिता लिहिता तो एकोणीसशे अडतीस साली लॉस एंजेलिसला आला आणि एका लहानशा स्टुडिओत रहस्यपट लिहायला लागला. मोठ्या चित्रपटाच्या आधी दाखवतात तसले, तासा-सव्वातासाचे, दहा दिवसांत उरकलेले. अंधारे जिने, ओले रस्ते, खोटं बोलणाऱ्या बायका. असे सहा झाले. नावं त्याची त्यालाच आठवायची नाहीत. पण त्या लिखाणात त्याचा जीव होता. माणूस नेमका कुठल्या क्षणी घाबरतो, हे त्याला कळायचं.

त्याच स्टुडिओत शेजारच्या टेबलावर हॉलिस रॅडली बसायचा. टेक्ससचा उंचापुरा गडी, बोलण्यात साखर. दोघांची गट्टी जमली ती वीस वर्षं टिकली. ऑर्व्हिलच्या लग्नात साक्षीदार म्हणून हॉलिसच उभा होता. हॉलिसची पहिली बायको सोडून गेली तेव्हा तो दोन महिने ऑर्व्हिलच्या घरी सोफ्यावर झोपला, आणि ऑर्व्हिलच्या बायकोने, विनीने, त्याला रोज गरम न्याहारी करून घातली.

युद्ध संपलं आणि ऑर्व्हिलने पहिल्यांदा कुणी न सांगता, आपल्या मनाने एक पटकथा लिहायला घेतली. त्याची आई डलुथला खाणावळ चालवायची. पाहुणे जेवून उठले की ताटल्या बघून ती सांगायची, कोण आजारी आहे, कोणाची नोकरी गेली, कोण चोरून दारू पितो. "माणूस खोटं बोलेल रे," ती म्हणायची, "त्याची उष्टी ताटली बोलणार नाही." त्यावरून त्याला सुचलं. सॅन फ्रान्सिस्कोतली एक खाणावळ, सहा भाडेकरू, बाहेर आठ दिवस न हटणारं धुकं. मालकीण भांडी घासायला घेते तर उष्ट्या ताटल्या सात. म्हणजे घरात एक माणूस लपलाय, आणि सहांपैकी कुणीतरी त्याला जेवू घालतंय.

वर्षभर तो त्यावर खपला. विनीने टाइप केलं, एक मूळ आणि खाली एक कार्बन प्रत. शेवटचं पान यंत्रातून काढताना ती म्हणाली, "ऑर्व्ह, हे चांगलं आहे. नुसतं चांगलं नाही."

कार्बन प्रत त्याने हॉलिसला दिली. आणखी कुणालाही नाही.

हॉलिसने आठवडाभराने त्याला कॉफी प्यायला बोलावलं. पाय वाजत नव्हते त्याचे, इतक्या हळू आला. समोर बसला, ऑर्व्हिलच्या मनगटावर हात ठेवला.

"लेका, मी तुझा मित्र आहे म्हणून सांगतो. दुसरा कुणी सांगणार नाही. हे कुणाला दाखवू नकोस."

"इतकं वाईट आहे?"

"वाईट असतं तर दुरुस्त करता आलं असतं. हे मेलेलं आहे. ताटल्या मोजणारी बाई! लोक हसतील तुला. जाळून टाक आणि विसरून जा."

परसात कचरा जाळायची सिमेंटची भट्टी होती, तेव्हा त्या शहरात घरोघरी असायची. ऑर्व्हिलने घरातली प्रत त्यात टाकली. विनी स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून म्हणाली, "निदान उद्यापर्यंत तरी थांब." तो थांबला नाही. "तू टाइप करतेस गं," तो म्हणाला, "हॉलिस लिहितो." ती आत गेली. त्यावर ती परत कधी बोलली नाही.

त्यानंतर रहस्यकथा लिहायला बसलं की त्याचा हात थांबायचा. एक ओळ लिहिली की वाटायचं, ही पण मेलेलीच असणार, आपल्याला जिवंत-मेलं कळत नाही. स्टुडिओने दोन वर्षांनी त्याला नारळ दिला. पुढे टेलिव्हिजन आलं, काउबॉय-मालिकांचं पेव फुटलं, आणि हॉलिसनेच त्याचं नाव एका निर्मात्याकडे टाकलं. "हे तुला जमेल," तो म्हणाला. "यात फार खोल जायचं नसतं." ऑर्व्हिलने त्याचे उपकार मानले. दर नाताळात मानले.

अठ्ठावन्न सालच्या सप्टेंबरात लेखकसंघाच्या कार्यालयातून मिसेस ऑटवे यांचा फोन आला. एका तासाभराच्या काउबॉय-कथेच्या श्रेयावरून दोन लेखकांत वाद होता. अशा वेळी संघ तीन जुन्या लेखकांना सगळे खर्डे वाचायला देतो. वर नावं नसतात, फक्त 'अ' आणि 'ब'. वाचणाऱ्याने सांगायचं, पडद्यावर नाव कुणाचं. ऑर्व्हिलने हे काम आधी तीनदा केलं होतं.

पाकीट दुपारी आलं. वाळवंटातून गरम वारा सुटला होता, लिंबाच्या झाडाची पानं करकरत होती. तो ओसरीवर बसला, थंड चहा घेतला आणि 'ब'चा पहिला खर्डा उघडला.

ॲरिझोनातलं, घोडागाड्या थांबतात तसलं एक ओसाड ठाणं. घोडागाडीतून आलेले सहा प्रवासी, अपाचे टोळीच्या हल्ल्याच्या भीतीने अडकलेले. ठाणेदाराची विधवा पत्र्याच्या ताटल्या घासायला घेते. एक, दोन, तीन. सात.

चहाचा पेला त्याच्या हातातच राहिला.

त्याने पान उलटलं. नावं बदलली होती. धुक्याच्या जागी धुळीचं वादळ होतं, पोलिसाच्या जागी शेरीफ. पण बाकी सगळं तेच होतं. कुठला माणूस कुठे गप्प बसतो, कुठे उगाच हसतो, तेसुद्धा. विधवा म्हणते, "माणूस खोटं बोलेल, त्याची उष्टी ताटली बोलणार नाही." डलुथच्या कब्रस्तानात झोपलेल्या आईचा आवाज त्याला स्पष्ट ऐकू आला.

आणि एकेचाळिसाव्या पानावर, जिथे सहा महिने पाण्याचा थेंब पडत नाही त्या वाळवंटात, एक प्रवासी खोलीचं दार ढकलतो आणि म्हणतो, "ओलीने फुगलंय लाकूड."

तो शब्द काढायचा राहून गेला होता. सॅन फ्रान्सिस्कोची ओल तशीच ॲरिझोनात आली होती. ऑर्व्हिल मोठ्याने हसला. ते हसणं ऐकून विनी बाहेर आली, कारण ते हसण्यासारखं नव्हतं.

त्याने पानं तिच्या हातात दिली. ती उभ्यानेच वाचू लागली, मग पायरीवर बसली. दहा पानं झाल्यावर तिने मान वर केली. "पुढे ती दिवा विझवते," ती म्हणाली, "आणि अंधारात श्वास मोजते."

"हो."

"सहा माणसं, सात श्वास."

"हो गं."

विनीने पानं त्याला परत दिली. मग ऑर्व्हिल म्हणाला, "माझ्याकडे प्रत नाही. एक कागद नाही."

विनीने "मी सांगितलं होतं" असं म्हटलं नाही. म्हटलं असतं तर त्याला बरं वाटलं असतं.

मिसेस ऑटवे कडक पण सरळ बाई होत्या. त्यांनी फोनवर सगळं ऐकून घेतलं. "तुम्ही 'ब'ला ओळखलंत, म्हणजे तुम्हाला या कामातून बाजूला व्हावं लागेल, मिस्टर डेसी," त्या म्हणाल्या. "आणि चोरीची तक्रार करायची असेल तर कागद आणा. तारखेचा, शिक्क्याचा, काहीही."

"ते फुगलेलं दार?"

"मला पटतंय हो. पण दार साक्ष देत नाही."

दुसऱ्या दिवशी सकाळी तो एन्सिनोला हॉलिसच्या घरी गेला. हॉलिस पोहण्याच्या तलावाच्या कडेला आखूड विजारीत बसून वर्तमानपत्र वाचत होता. नवीन बायको आत कुणाशी तरी फोनवर खिदळत होती.

"अरे वा! सकाळी सकाळी? बस, अंडी खातोस?"

"ओलीने फुगलंय लाकूड," ऑर्व्हिल म्हणाला.

हॉलिसने वर्तमानपत्राची घडी केली. एक, दोन, तीन घड्या. तेवढ्यात त्याच्या चेहऱ्यावरून काय काय सरकून गेलं, ते ऑर्व्हिलने नीट पाहिलं. माणूस कुठल्या क्षणी घाबरतो ते त्याला अजून कळत होतं.

"तू वाचणाऱ्यांत आहेस होय," हॉलिस शेवटी म्हणाला. "नशीब बघ माझं."

"नाकबूल नाही करणार?"

"तुझ्यापुढे? छे. पण एक ऐक. तू जाळलीस ती. मी वाचवली. माझ्याकडे नसती तर आज राख असती. अकरा वर्षं खणात पडली होती, ऑर्व्ह. या वर्षी मला काहीच सुचेना. अक्षर सुचेना. म्हटलं, टाकून दिलेली वस्तू आहे..."

"मी टाकली, कारण तू म्हणालास मेलेली आहे."

हॉलिसने घडी केलेलं वर्तमानपत्र बाजूला ठेवलं.

"तेव्हा कशासाठी म्हणालास? तेव्हा तर चोरायचीही नव्हती तुला."

"नव्हती. आईशप्पथ नव्हती."

"मग?"

"मी एका बैठकीत वाचली ती," हॉलिस म्हणाला. त्याचा आवाज पहिल्यांदाच टेक्ससच्या साखरेशिवाय आला. "पहाट झाली वाचता वाचता. मग आरशात बघितलं. आपण दोघं एका टेबलाचे होतो रे. मी तुझ्याहून उजवा आहे असं सगळे म्हणायचे, मीही म्हणायचो. ती बाहेर गेली असती तर तू कुठल्या कुठे गेला असतास. मला वाटलं, एवढी एक जाऊ दे. हा आणखी दहा लिहील. तू दुसरी लिहिलीच नाहीस, त्याला मी काय करू?"

ऑर्व्हिलने आपल्याला मारावं असं हॉलिसलाही वाटत असावं, कारण त्याने पाय जमिनीवर घट्ट रोवले होते. पण ऑर्व्हिलने हात उचलला नाही.

"म्हणजे चांगली होती," तो एवढंच म्हणाला.

"चांगली? गाढवा, त्या स्टुडिओत कुणीही लिहिलेलं सगळ्यात चांगलं ते होतं." हॉलिस उठून जवळ आला. "हे बघ, तुला काम कुणी दिलं? घर कुणामुळे टिकलं? मी काही राक्षस नाही. नाव तुझंही घालू या. 'कल्पना' म्हणून. मी बोलतो निर्मात्याशी."

"माझ्या मनगटावर हात ठेवला होतास तू," ऑर्व्हिल म्हणाला आणि गाडीकडे चालू लागला. मागून हॉलिस हाका मारत होता. त्याची बायको दारात येऊन म्हणाली, "हे काय, न्याहारीला नाही थांबत?"

ऑर्व्हिलने पाकीट परत पाठवलं. त्याच्या जागी दुसरा कुणी नेमला गेला. महिन्याभराने मिसेस ऑटवे यांचा फोन आला. त्यांनी तो करायला नको होता, आणि तसं त्या आधी म्हणाल्याही. तिघांनी एकमताने 'ब'ला पूर्ण श्रेय दिलं होतं. "एका वाचकाने शेरा लिहिलाय," त्या म्हणाल्या. "दहा वर्षांत या प्रकारात इतकं सुंदर काही वाचलं नाही, असा. मला वाटलं, तो ज्याचा आहे त्याच्या कानावर जावा."

"आभारी आहे," ऑर्व्हिल म्हणाला. त्याने फोन ठेवला. ते कौतुक घ्यायला त्याला हातच पुढे करता येत नव्हता.

फेब्रुवारीत ती गोष्ट टेलिव्हिजनवर आली. रात्रीचं जेवण लवकर उरकून दोघं बसली. हॉलिसचं नाव पाच सेकंद पडद्यावर होतं. नटी चांगली होती. विनीचे ओठ तिच्याबरोबर हलत होते, वाक्यावाक्याला, अकरा वर्षांनंतरही. दाराचं वाक्य कुणीतरी गाळलं होतं. संपल्यावर शेजारच्या बाई कुंपणावरून ओरडल्या, "मिस्टर डेसी, बघितलंत का? तुम्ही असलं काहीतरी लिहा की हो!"

पुढे हॉलिसला त्यासाठी बक्षीस मिळालं. भाषणात त्याने जुन्या मित्रांचे आभार मानले. दोन पत्रं पाठवली, ती ऑर्व्हिलने न उघडता परत केली. तिसरं आलं नाही. एकाच गावात, एकाच धंद्यात दोघं आणखी बारा वर्षं राहिले, आणि एकदा एका अंत्ययात्रेला समोरासमोर आले तेव्हा हॉलिसनेच रस्ता बदलला.

लोकांना ही हकिकत सांगावी असं ऑर्व्हिलला सुरुवातीला वाटायचं. दोघातिघांना सांगितलीही. ते मान डोलवायचे, पण त्यांच्या डोळ्यांत त्याला दिसायचं, की साठ काउबॉय-कथा लिहिलेल्या माणसाची ही पोटदुखी आहे. मग त्याने सोडून दिलं.

एकोणसाठ सालच्या उन्हाळ्यातच त्याने पुन्हा रहस्यकथा लिहायला घेतली होती. रोज सकाळी चार तास. पहिली तीस पानं झाल्यावर त्याने ती विनीला दिली आणि समोर बसून राहिला. तिने चष्मा लावला, सावकाश वाचलं, एकदा मागे जाऊन एक पान परत वाचलं.

"चांगलं आहे, ऑर्व्ह," ती म्हणाली.

तो तिच्या तोंडाकडे बघू लागला. डोळ्यांकडे, ओठांच्या कोपऱ्यांकडे, पानं धरलेल्या बोटांकडे. ती खरं बोलते की त्याला जपते, हे शोधत. एकोणीस वर्षांच्या संसारात त्याने तिच्याकडे असं कधी पाहिलं नव्हतं.

विनीला ते कळलं. तिने पानं नीट जुळवून टेबलावर ठेवली.

"माझ्याकडे असं बघू नकोस," ती म्हणाली. "मी हॉलिस नव्हे."

"ठाऊक आहे गं," तो म्हणाला. पण नजर काही केल्या तिच्या चेहऱ्यावरून हलेना.