विसरण्याची दीक्षा

"कल्याण नावाचं हितं कोनी ऱ्हातं का वो?"

फाटकाबाहेरून म्हातारीनं विचारलं आणि आत मेथी निवडत बसलेल्या कल्याणचा हात थांबला. तो उठून फाटकाशी आला. आई होती. शेवगावहून येऊन फाट्यापासून माळावरच्या मठापर्यंत चालत आली असावी. पाय धुळीनं माखले होते. तिच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. समोरचा मुंडण केलेला, मातकट कफनीतला माणूस तिनं ओळखला नसावा.

"इथे कुणालाच नाव नसतं, बाई," तो म्हणाला.

मठात गावची बोलीही ठेवत नसत. मठ काढणारे गृहस्थ नगरला तत्त्वज्ञान शिकवून निवृत्त झाले होते. त्यांचं सांगणं असं, की दुःख माणसाला होत नाही, त्याच्या नावाला होतं. नाव गेलं की दुःखाला बसायला जागा उरत नाही. म्हणून रोज संध्याकाळी प्रत्येकानं आपली एक आठवण परक्याची असल्यासारखी सांगायची आणि पुन्हा कधी मनात आणायची नाही.

कल्याणनं शाळा टाकली, गाव टाकलं, धाकट्या भीमाचं खळखळून हसणंही टाकलं. एक सकाळ तेवढी त्याच्या तोंडून निघेना. बाकीचं घर रिकामं झाल्यावर तीच एकटी सगळ्या खोल्या अडवून बसली होती.

त्या सकाळी तो उसाचा ट्रॅक्टर चालवत होता. भीमा मडगार्डवर बसला होता. खिशातला मोबाईल वाजला. कल्याणनं स्टेअरिंगवरचा हात काढून तो बाहेर घेतला, आणि कॅनॉलच्या वळणावर चाक खाली उतरलं. भीमा ट्रॉलीखाली गेला. स्टेअरिंग जाम झालं, असं कल्याणनं पोलिसांना सांगितलं, गावाला सांगितलं. मोबाईलवर 'आई' अशी अक्षरं होती, हे कुणालाच सांगितलं नाही. आपण घर सोडलं ते आईला हे कळण्यापासून वाचवायलाच, असं तो स्वतःला बजावत असे.

म्हातारी फाटकाचा गज धरून उभी होती.

"नाव नसंल तर नसू द्या. पन असा कोनी असंल तर त्याला सांगा, त्या दिशी फोन म्याच केल्ता. जेवाया कवा येताय, इचारायला. एकदा रिंग गेली, अन् मंग लोकं पळतच आली." तिनं दुसरा हातही गजावर ठेवला. "लोकं म्हनत्यात स्टेरिंग जाम झालं. मला ठावं हाय काय झालं ते. त्यानं जिवाला लावून घिऊ नये म्हनावं."

ज्याच्यापासून तिला वाचवलं असं कल्याण समजत होता, ते ती इतकी वर्षं एकटी उरावर घेऊन बसली होती.

"अन् वो," ती खालच्या आवाजात म्हणाली, "तुमच्यात बायांना घेत्यात का? मलाबी इसरायचंय."

"नाही घेत," तो कसाबसा म्हणाला. खरं तर घेत असत.

"बरं," म्हणून ती वळली आणि चाचपडत रस्त्याला लागली.

तो पुन्हा मेथीपाशी बसला. पानं कुठली, देठ कुठले, काही दिसेना. हिनं भीमाला विसरायचं! मग तो कुणाजवळ राहील? त्यानं जुडी खाली टाकली आणि फाटक उघडलं. आतून कुणीतरी "अहो" म्हणून हाक मारली. तो थांबला नाही.

फाट्यावरच्या सिमेंटच्या बाकावर ती एसटीची वाट बघत बसली होती. तो समोर जाऊन उभा राहिला.

"आये."

"कोन?"

"मी. कल्याण."

"कोन कल्याण?"

तिनं मान वर केली नव्हती. आवाज तिनं फाटकावरच ओळखला होता, हे त्याला आता कळलं. समोरच्या रस्त्यावरून उसानं भरलेल्या दोन ट्रॉल्या खडखडत गेल्या.

"भीमाचा भाऊ," तो म्हणाला. "मोबाईल म्या काढला, आये. हात म्या सोडला."

तिनं पदर आवरला आणि बाकावर थोडी बाजूला सरकली.