अन्नशुद्धी

टिंग.

ओव्हनची घंटा वाजली आणि मी दचकून आतल्या खोलीकडे पाहिलं. दुपारी बाबांचा डोळा लागला की आमचं घर श्वाससुद्धा जपून घेतं. पंखा मंद केलेला असतो, माझी लेक ईशा जमिनीवर पालथी पडून मुकाट चित्रं रंगवते, आणि मी ओट्याशी चोरपावलांनी वावरते. त्या शांततेत ही घंटा म्हणजे देवळातला टोल वाटला.

बाबा हलले नाहीत. दारात सासूबाई येऊन उभ्या राहिल्या.

"झाला का गं तुझा केक?" त्यांनी कुजबुजत विचारलं.

"केक नाही, आई. फळं आहेत भाजलेली. वरून ओट्सचा थर."

"मैदा?"

"नाही."

"लोणी?"

"नाही."

"साखर तरी?"

"खजूर आहे."

"मतलब काहीच नाही," त्या म्हणाल्या. "मग ते फुगणार काय, हवेवर?"

फुगलं नव्हतंच. काचेच्या भांड्यात सफरचंदाच्या फोडी आक्रसून बसल्या होत्या आणि वरचा थर चपलेच्या तळासारखा झाला होता. सासूबाईंनी चमच्याने वाजवून पाहिलं. ठक ठक. आम्ही दोघींनी एकमेकींकडे बघितलं आणि तोंडावर पदर-ओढणी दाबून हसलो. बऱ्याच दिवसांनी हसलो.

"राहू दे," त्या म्हणाल्या. "वाऱ्याने दार आपटतं ना, त्याला लावायला होईल."

बाबांच्या पित्ताच्या नळीत गाठ निघाली, त्याला दोन महिने होत आले होते. नळीत जाळी बसवून कावीळ उतरवली. ऑपरेशनची वेळ निघून गेली आहे, हे डॉक्टरांनी मला आणि माझ्या नवऱ्याला, यतीनला, बाहेर बोलावून सांगितलं. बाबांना ते कोणी सांगितलं नाही आणि त्यांनी कोणाला विचारलंही नाही. तेल-तूप मात्र पूर्ण बंद. "चमचाभर तूपसुद्धा त्यांना झेपणार नाही," डॉक्टर बाबांसमोरच म्हणाले होते, "पोटात असह्य कळ उठेल."

घरी आल्या आल्या मी तुपाची बरणी वरच्या मजल्यावरच्या शेजारणीला देऊन टाकली. सासूबाई बघत राहिल्या. निरांजनापुरतं तूप तेवढं देवघरातल्या वाटीत ठेवलं.

"त्यातलं बोटभर दिलं तर?" त्यांनी विचारलं होतं. "देवापुढचं तूप कधी कोणाला बाधलंय?"

"आई, प्लीज."

त्या वाटीवर झाकण ठेवून वळल्या.

बाबा म्हणजे गजानन पाटणकर. इंदूर स्टेशनच्या पार्सल ऑफिसात त्यांची सगळी नोकरी गेली. करंड्या, पेट्या, पोती, पावत्या. आंब्यांच्या दिवसांत त्यांच्या शर्टाला आंब्याचा वास असायचा, थंडीत जामफळांचा, म्हणजे पेरूंचा. एकदा बढती आली होती, रतलामला. त्यांनी ती नाकारली. ऑफिसात म्हातारी आई, मुलाची शाळा अशी कारणं सांगितली. खरं कारण घरात सगळ्यांना ठाऊक होतं. दुपारी सायकल मारत घरी जेवायला येता आलं नसतं. ऊन असो, पाऊस असो, ते एक वाजता यायचे, हातपाय धुऊन पाटावर बसायचे आणि सासूबाई वाढायच्या. एवढंच. माझ्या लग्नात कोणीतरी त्यांना विचारलं, आयुष्यात काय कमावलं? ते म्हणाले, "रोज गरम जेवलो."

त्यांचं पान सासूबाईंखेरीज दुसऱ्या कोणी वाढायचं नाही, हा घरातला न बोललेला नियम. भाताची मूद, वर वरण, आणि त्यावर चमच्याने तुपाची धार. ही अन्नशुद्धी. तूप पडलं की अन्न शुद्ध होतं, मग पहिला घास घ्यायचा. बाबा "बस, बस" म्हणत पानावर आडवा हात धरायचे, पण बोटं अशी फाकवून की तूप बरोबर मधून गळावं. ते नाटक मी रोज पाहिलंय. सासूबाई रोज म्हणायच्या, "हात बाजूला घ्या, वाया जातंय."

पाटणकरांकडे तुपाशिवाय पान फक्त एकाच प्रसंगी वाढतात. सुतकात.

हे मला पहिल्यांदा कळलं ते बाबा दवाखान्यातून घरी आले त्या दिवशी. सासूबाईंनी मऊ भात आणि मुगाचं पाणी वाढलं, हात सवयीने तुपाच्या भांड्याकडे गेला, रिकाम्या जागेवरून परत आला. मग त्या तोंड फिरवून उभ्या राहिल्या. "समोर बसलेला माणूस," मला स्वयंपाकघरात म्हणाल्या, "आणि कोरडं पान वाढून राहिलेय मी त्याच्यापुढे." त्यानंतर रोज दोन वेळा त्या वाढायच्या आणि रोज दोन वेळा तोंड फिरवायच्या. खजराण्याच्या देवळात जाऊन गणपतीच्या भिंतीवर नवसाचं उलटं स्वस्तिकही काढून आल्या होत्या. नवस काय बोलल्या, ते सांगितलं नाही.

फळांचं ते गोड करायचं ठरलं, ते बाबांमुळे. सत्तरावा वाढदिवस रविवारी येत होता. सासूबाई भाजी आणायला गेलेल्या पाहून त्यांनी मला हाक मारली.

"मंजिरी, काही गोड होईल का गं? पेज पिऊन पिऊन जिभेवर बुरशी आली."

"करते ना, बाबा. काय करू?"

"काहीही चालेल. पण सगळे खातील तेच. मला वेगळ्या वाटीत नको देऊ." त्यांनी पायांवरची चादर सारखी केली. "एक दिवस पेशंट नको वाटायला. सगळ्यांबरोबर बसीन, खाईन, आणि पोटात दुखणार नाही. एवढं जमेल?"

मी जमेल म्हणाले. त्यांनी आजवर माझ्याकडे काही मागितलं नव्हतं.

म्हणून तो चपलेचा तळ. दुसऱ्या दिवशी शाळेत शिकवून आल्यावर पुन्हा करायला घेतलं. माझ्या ध्यानात आलं की लोण्याचं काम फक्त चवीचं नसतं, ओलाव्याचंही असतं. मग दोन सफरचंदं उकडून त्यांचा गर केला आणि लोण्याच्या जागी तोच ओट्समध्ये कालवला. ओट्स आधी कोरडे भाजून घेतले. फोडींत थोडे नासपतीचे काप घातले, वर संत्र्याचा रस शिंपडला, दालचिनी, चिमूटभर जायफळ. साय काढलेल्या दुधाचं दही टांगून ठेवलं होतं, ते खजुराबरोबर घोटून मधे पसरलं. भांडं आधी झाकून भाजलं, म्हणजे फळांचं पाणी फळांतच राहतं. शेवटी झाकण काढलं. या वेळी घरभर वास सुटला. आतून बाबांचा आवाज आला, "काश्मीरची पेटी फुटली का रे कोणाची?"

सासूबाईंनी चव घेतली. बराच वेळ जीभ टाळूला लावून उभ्या राहिल्या.

"चांगलं झालंय," त्या म्हणाल्या. मग हळूच, "पण घशात नाही उतरत गं. कोरडं वाटतं."

"आई, मऊ आहे की."

"मऊ आहे. कोरडंच आहे."

रविवारी सकाळी बाबांनी दाढी केली. शर्ट खांद्यावरून ओघळत होता म्हणून यतीनने त्यांना वरून स्वेटर घातला. जयसिंगराव आले, ते पार्सल ऑफिसातलेच, बाबांच्या शेजारच्या टेबलावरचे. आवाज अजून प्लॅटफॉर्मवरचाच.

"काय भिया गजाननराव! सत्तरी गाठली! आता तुमच्यावर पण 'जपून हाताळा'ची चिठ्ठी लावायला पायजे!"

"लावलीय," बाबा म्हणाले. "सूनबाईने लावलीय. पोहे नाही, जलेबी नाही, शेव नाही."

"शेव नाही? अरे यार, मग इंदुरात राहता कशाला? जा पुण्याला!"

बाबा हसले आणि हसताना बरगडीवर हात दाबून धरला. सासूबाईंनी औक्षण केलं. निरांजनाच्या उजेडात बाबांचा चेहरा पिवळट दिसला, की उजेडच पिवळा होता, कोण जाणे. ईशाने टाळ्या वाजवल्या.

सकाळी पुन्हा तसंच करून ठेवलेलं भांडं मी ओव्हनमधून बाहेर काढलं. गरम होतं, कडेने रस बुडबुडत होता. चौकोनी तुकडे कापून बशांत ठेवले.

"यांचं मी वाढते," सासूबाई म्हणाल्या.

मी बशी त्यांच्याकडे दिली. दुसऱ्या कोणी द्यायची नाहीच ती. मी बाकीच्या बशा घेऊन बाहेर गेले.

"हे काय, बिना मैद्याचं, बिना साखरेचं?" जयसिंगरावांनी बशी डोळ्यांजवळ नेली. "यावर थोडी शेव भुरभुरा सूनबाई, मग होईल इंदुरी."

"काका, खाऊन तर बघा," यतीन म्हणाला.

त्यांनी खाल्लं. "अरे वा. मानना पडेगा."

मी मात्र बाबांकडे बघत होते. सासूबाईंनी बशी त्यांच्यापुढे ठेवली आणि या वेळी तोंड फिरवलं नाही. समोर उभ्या राहिल्या. बाबांनी बशीकडे पाहिलं, मग त्यांच्याकडे. चमच्याने पहिला घास घेतला, डोळे मिटले. मग दुसरा. सावकाश, एकेक फोड संपवत गेले. शेवटी बोटाने बशी पुसून घेतली, पूर्वी ताट पुसायचे तसं.

"आज," ते म्हणाले, "जेवल्यासारखं वाटलं."

माझे डोळे भरून आले. यतीनने माझ्या पाठीवर हात ठेवला. जमलं, मला वाटलं. जमलं मला.

संध्याकाळी दिवे लागायच्या वेळी कळ सुरू झाली. आधी ते कुशीवर वळून पडून राहिले, कोणाला काही बोलले नाहीत. मग उलट्या. मग ते गुडघे पोटाशी घेऊन असे काही कण्हायला लागले की ईशाने कानांवर हात ठेवले. यतीनने गाडी काढली. ईशाला शेजारी सोडून आम्ही निघालो.

"काय खाल्लं होतं?" दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी विचारलं.

मी सगळं सांगितलं. सफरचंद, नासपती, ओट्स, दही.

"कोणतं दही?"

"साय काढलेल्या दुधाचं. मीच लावलं."

"लोणी, तूप, सुका मेवा?"

"काही नाही. खरंच काही नाही."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. अविश्वास नव्हता, पण विश्वासही नव्हता. तेवढ्यात पलंगावरून बाबांचा आवाज आला, फार बारीक.

"माझीच चूक, डॉक्टर. हावरटासारखं खाल्लं. दोन-तीन तुकडे खाल्ले."

त्यांनी एकच खाल्ला होता. मी पाहिलं होतं. मला वाटलं, सून रडायला आलीय म्हणून माझी बाजू घेतायत. सासूबाई पलंगाच्या पायथ्याशी उभ्या होत्या. त्यांनी बाबांच्या पायांवर चादर घातली, काढली, परत घातली. बाबा त्यांना म्हणाले, "बस ना जरा. उभी का?" त्या बसल्या नाहीत.

रात्री त्या आणि यतीन तिथे थांबले. सकाळी यतीनचा फोन आला. कळ कमी आहे, झोपलेत, पण सलाइन राहणार, आणि आता तोंडाने काही द्यायचं की नाही ते बघू म्हणतात. "आईने कालपासून पाणीसुद्धा घेतलं नाहीये," तो म्हणाला. "तिला काहीतरी आण. तुझं ऐकेल."

मी भात लावला. कुकर होईपर्यंत ओट्याशी बसून कालच्या सगळ्या पुड्या, पिशव्या समोर मांडल्या. ओट्सच्या पाकिटामागचं बारीक अक्षर वाचलं. दुधाची पिशवी कचऱ्यातून काढून वाचली. दही चाखलं. जायफळाने असं होतं का, हे मोबाइलवर शोधलं. काहीतरी माझ्याच हातून गेलं होतं, आणि ते मला सापडत नव्हतं.

ईशा येऊन मांडीवर बसली. थोडा वेळ ओट्स बोटाने पसरवत राहिली.

"आई, तू रडतेय?"

"नाही गं."

"तू काय शोधून राहिली आहे?"

"आजोबांना कशाने दुखलं, ते."

"ते तर तुपाने," ती म्हणाली.

मी तिच्याकडे बघितलं.

"आजीने देवाच्या वाटीतलं तूप टाकलं ना. एक चमचा, मग अजून एक चमचा. गरम होतं ना, तर ते असं विरघळून आत गेलं. मग आजीने डोळे बंद करून नमस्कार केला." तिने हात जोडून दाखवले. "मी दरवाजात होती."

कुकरची शिट्टी झाली. मी उठले नाही.

"तू हे कोणाला सांगितलंस का?"

"नाही. आजोबांनी पण बघितलं. ते टेबलावरून बघून राहिले होते. मी सांगणार होती, तर त्यांनी मला डोळा मारला आणि असं केलं." तिने ओठांवर बोट ठेवलं. "आजीला नाही माहीत की आम्ही बघितलं."

मी तिला जवळ घेतलं. तिच्या केसांना खोबरेल तेलाचा वास येत होता. दवाखान्यात या वेळी सासूबाई त्या लोखंडी पलंगाशी उभ्या असतील, आपण काय केलं ते एकट्याच छातीशी धरून. आणि बाबा डोळे मिटून पडले असतील, त्यांना ते कळलंय हे लपवत.

ईशाने मान वर करून माझ्या तोंडाकडे पाहिलं.

"आई, आजोबांना तर माहीत होतं की खूप दुखेल. मग त्यांनी ते सगळं का खाल्लं?"