वेटरची पाठ

आरिस्तीद बुर्ग्वँला सगळा फ्रान्स ओळखत होता, पण चेहऱ्यानं, नावानं नाही. युद्धाआधीपासून तो सिनेमात गावचा पोलीस, पाद्री, पोस्टमन, नाहीतर वकिलाचा कारकून असायचा. दारातून आत यायचं, दोन वाक्यं बोलायची, टोपी उचलायची आणि निघून जायचं. तो राहायचा त्या व्हँसेनच्या बाजारातला खाटीक त्याला आपल्या बायकोचा लांबचा मामा समजून मटणाचा चांगला तुकडा द्यायचा. आरिस्तीदनंही त्याचा गैरसमज कधी दूर केला नाही.

त्याची बायको लेओनी हातमोजे शिवायची. तिला एकच खंत होती. इतक्या वर्षांत नवऱ्याचा चेहरा एकदाही पडदाभर दिसला नव्हता. दिग्दर्शक मोरेलनं त्याला स्टेशनवरच्या कॅफेतल्या वेटरचं काम दिलं आणि शेवटी कॅमेरा थेट चेहऱ्यावर आणायचं कबूल केलं, तेव्हा तिनं जिन्यावरच्या सगळ्या शेजाऱ्यांना ती बातमी पोचवली.

प्रसंग साधा होता. एक म्हातारी मुलाच्या गाडीची वाट बघत बसलेली असते. मुलगा येणार नाही हे वेटरला ठाऊक असतं, पण तो काही बोलत नाही. म्हातारी मुलाबद्दल भरभरून बोलते, आणि काउंटरमागे उभ्या वेटरच्या तोंडावर सगळं उमटतं.

म्हातारीच्या कामाला ऑर्तांस वाल्मी यायची होती. मूकपटांच्या काळात तिच्या नावावर थिएटरं भरायची. युद्धानंतर तिला कुणी बोलावलं नव्हतं. ती जुना फरचा कोट घालून मार्न नदीच्या काठावरच्या स्टुडिओत आली, तेव्हा वयस्क सुतार हातातलं काम टाकून उभे राहिले.

पहिल्या वेळी ती दोन वाक्यं बोलली आणि थांबली. दुसऱ्या वेळी एकच. तिसऱ्या वेळी तोंड उघडलं, पण शब्द फुटेना. मोरेल तसा सभ्य माणूस; तो ओरडला नाही. त्यानं चष्मा काढून पुसला आणि सगळ्यांना जेवायला सोडलं. कँटीनमध्ये मसूर आणि सॉसेजच्या ताटांवर कुजबुज सुरू झाली, की उद्या दुसऱ्या बाई येणार.

आरिस्तीद जेवायला गेला नाही. सेटवर ऑर्तांस अजून त्याच टेबलाशी बसून होती. त्यानं तिच्यापुढे पाण्याचा ग्लास ठेवला.

"घरी सगळं पाठ होतं हो," ती म्हणाली. "मांजरीला म्हणून दाखवलं. इथे दिवे लागले की सगळं पुसलं जातं."

"मांजर मध्ये काही विचारते का, बाई?"

"ती कशाला विचारेल?"

"मी विचारलं तर चालेल?"

तिनं त्याच्याकडे नीट पाहिलं आणि मान डोलावली.

जेवणानंतर त्यानं मोरेलला सांगितलं, की मी काउंटरमागून बाहेर येतो, बाईंच्या टेबलाशी उभा राहून फडकं मारतो. मोरेल म्हणाला, "मग तुमची पाठ कॅमेऱ्याकडे येईल. आणि बुर्ग्वँ, तिथे उभे राहिलात तर शेवटी मला तुमच्या तोंडावर येता येणार नाही."

"माहीत आहे मला," आरिस्तीद म्हणाला. म्हणताना त्याला लेओनी आठवली. पण पाय आधीच टेबलाकडे निघाले होते.

दिवे लागले. तो टेबल पुसत म्हणाला, "मुलगा लिऑनहून येतोय वाटतं, बाई?" हे कागदावर नव्हतं. ऑर्तांस म्हणाली, "लिऑनहून. रेशमाच्या गिरणीत आहे." तो म्हणाला, "लहानपणी खोडकर असेल." मग तिला धागा सापडला. ती नदीबद्दल, हरवलेल्या बुटाबद्दल, मुलाच्या लग्नाबद्दल बोलत गेली. अडली की तो कप सरकवून काहीतरी विचारायचा. कागदावरचं निम्मं गळलं, आणि जे आलं ते कागदापेक्षा बरं होतं. मोरेलनं 'कट' म्हणायला बराच उशीर केला.

सिनेमा लागला तेव्हा नवराबायको बाजारामागच्या थिएटरात गेले. त्यानं घरी काहीच सांगितलं नव्हतं. धीरच झाला नाही. पडद्यावर ऑर्तांसचा चेहरा आला, भला मोठा, आणि कडेला एक पाठ, एप्रनची गाठ, थोडं टक्कल. प्रसंग संपला. रस्त्यावर आल्यावर लेओनी म्हणाली, "काउंटरमागून का हललास रे?"

त्यानं सगळं सांगितलं. ती दुकानांच्या काचांत बघत चालत राहिली. मग म्हणाली, "आधी सांगितलं असतंस तर जिन्यावरच्यांना गप्प केलं असतं मी." आणि त्याच्या दंडात हात घातला.

वर्तमानपत्रांनी ऑर्तांसला डोक्यावर घेतलं. वेटरचा उल्लेख कुणीच केला नाही. पण पुढच्या सिनेमाची बोलणी करताना तिनं अट घातली, की समोर बुर्ग्वँ हवा. मग तो तिचा गाडीवान झाला, डॉक्टर झाला, धाकटा भाऊ झाला. धंद्यात ही गोष्ट पसरली. एखादा नट बिचकणारा असला की दिग्दर्शक म्हणायचे, बुर्ग्वँला समोर उभा करा. नवखी पोरं त्याच्याकडे बघत बोलायची आणि त्यांची भीड चेपायची. त्याला पूर्वीपेक्षा जास्त काम मिळालं, बहुतेक पाठमोरं.

ऑर्तांस रविवारी व्हँसेनला जेवायला येऊ लागली. येताना पेअरचा टार्ट आणायची. जेवणानंतर पत्त्यांचा डाव पडे. तिला आता पत्तेही नीट आठवत नसत, म्हणून ती सर्रास लबाडी करायची. लेओनी ते बघायची, आरिस्तीदकडे पाहून भुवई उडवायची आणि पुढचा पत्ता टाकायची.