समासातलं पुस्तक

मी एक जुनं, जाडजूड, पोट सुटलेलं पुस्तक आहे, मित्रांनो. वय विचारू नका. पहिलं पान केव्हाच फाटलंय, त्यामुळे मला हवं ते वय सांगता येतं.

माझ्या पोटात दोनशे वर्षांपूर्वीचे कवी राहतात. विद्वान लोक त्यांना स्वच्छंदतावादी म्हणतात. चांदण्यावर लिहिता लिहिता ही माणसं एकदम राजालाच जाब विचारायची, की गिरणीत सात वर्षांची लेकरं का राबतात, धान्य महाग का. मग त्यांची पत्रकं छापणारे छापखानेवाले तुरुंगात जायचे आणि कवी बहुतेक वेळा हवापालटाला जायचे.

मी एवढं जहाल, की माझे छपाईचे खिळे जुळवणाऱ्या कामगाराच्या मिशीला धग लागली होती. पुढे शेल्फाला वाळवी लागली. तिनं माझं उठावाचं प्रकरण खाल्लं आणि तिसऱ्या दिवशी स्वतःच्या राणीला हाकलून दिलं. खोटं वाटत असेल तर एकशेदहाव्या पानावर भोक आहे, बघून घ्या.

मला विकत घेतलं एका प्राध्यापकांनी. त्यांच्या कानावर कायम शिसपेन असायची, म्हणून कॉलेजातली पोरं त्यांना शिसपेन सर म्हणायची. त्यांच्याकडे आम्ही बेचाळीस भावंडं होतो, सगळी त्याच कवींची नाहीतर त्याच बंडांची. लोक यायचे, आम्हाला बघायचे आणि एवढी सगळी वाचलीत का, असं हमखास विचारायचे. आम्ही फुगून जायचो.

सर वहीत काही लिहायचे नाहीत. लिहायचं ते आमच्या समासात, तेही जोर देऊन. मेलेल्या कवींशी त्यांचं भांडण चालायचं. ‘मित्रा, इथे तू घाबरलास.’ ‘हे खोटं. छापखानेवाल्याच्या बायकोला विचार.’ माझ्या साठाव्या पानावर निघालेला मुद्दा शेजारच्या निळ्या पुस्तकात जायचा आणि वरच्या फळीवर जाऊन संपायचा. मधेच ‘आजही हेच चाललंय’ असा आपल्या राज्यकर्त्यांना टोला असायचा. तीस वर्षांत आमच्या कडांवर एक अख्खं नवं पुस्तक तयार झालं. तुरुंगात सडलेल्या, कुणालाच नाव ठाऊक नसलेल्या त्या छापखानेवाल्यांचं पुस्तक. निवृत्तीनंतर सर ते कागदावर उतरवणार होते. पण हे त्यांनी कुणालाच सांगितलं नाही. ताईलाही नाही.

ताई म्हणजे त्यांची थोरली बहीण. आई गेल्यावर तिनंच त्यांना वाढवलं. शिवणाच्या वर्गात शिकवायची. हात असा, की टाका कुठे संपला ते टाक्यालाही कळू नये. आम्हाला ती भावजया म्हणायची, पण पुसून ठेवायची रोज.

मग दिवस फिरले. एका सकाळी सर कॉलेजात गेले असताना तिथले ग्रंथपाल घरी आले. पाणीसुद्धा न घेता त्यांनी उभ्या उभ्याच ताईला सांगितलं, की प्राध्यापकांच्या घरांच्या झडत्या सुरू झाल्यात. दोघांना नेलं, ते त्यांच्याच अक्षरातल्या चार ओळींवरून. आज ना उद्या इथेही येतील.

ताईनं दार लावलं. माझं एक पान उघडलं आणि समास वाचला. मग कोपऱ्यावरच्या दुकानातून सहा खोडरबर आणले आणि खाली बसकण मारली. पहिला नंबर माझा. मित्रांनो, गुदगुल्या होतात असं वाटलं होतं. नाही होत. साल निघते. मी ओरडलो असतो, पण छापील माणसाला आवाज नसतो. तिच्या बोटांचीही साल निघाली, पण ती थांबली नाही. दुपार कलेपर्यंत बेचाळीस पुस्तकं कोरी झाली. चुरा तिनं चुलीत टाकला.

सर आले. त्यांनी मला उघडलं, मग निळ्याला, मग वरच्या फळीवरच्या एकेकाला. ते खालीच बसले.

“ताई, माझं पुस्तक होतं गं ते.”

“सगळी पुस्तकं जागेवर आहेत. मोजून घे.”

सरांनी तिला समजावून सांगितलं. आवाज चढवला नाही. ऐकता ऐकता ताईचा चेहरा उतरत गेला. मग ती आमच्याकडे बोट दाखवून म्हणाली, “आणि तुला नेलं असतं तर? ह्यांना वाढत बसले असते मी?”

दुसऱ्या दिवशी सकाळी ते आले. चौघे जण. उलटी धरून आम्हाला झटकलं, पान न् पान चाळलं. काही नाही. त्यांचा साहेब माणूस तसा गोड बोलणारा होता. मला हातात घेऊन तो हसला.

“तीस वर्षं शिकवताय म्हणे, सर. एकाही पुस्तकात साधी रेघ नाही. वाचता, की नुसती मांडून ठेवता?”

सरांनी ताईकडे पाहिलं. तिनं हात पाठीमागे लपवले होते.

“मांडून ठेवतो,” सर म्हणाले. “शोभेला.”

ते हसत निघून गेले. सर वाचले. पण त्यानंतर त्यांच्या कानावर शिसपेन दिसली नाही. शिकवत राहिले, जेवत राहिले, आम्हाला मात्र हात लावला नाही. चार वर्षांनी गेले. अंथरुणावर फार दिवस पडले नाहीत, एवढंच बरं.

त्यानंतर एका दुपारी ताई मला पुसत खिडकीशी उभी होती. ऊन तिरकं आलं आणि ती थबकली. शिसं गेलं होतं, पण जोर राहिला होता. कागदावर अक्षरांचे खड्डे होते. तिनं शिवणाचा चष्मा लावला आणि एक ओळ लावायला तिला अर्धा तास लागला. ओळ अशी होती: ‘ताई तिसऱ्यांदा हाक मारतेय. जेवून येतो, मग भांडू.’

तिनं मला छातीशी धरलं. दुसऱ्या दिवशी शाळेची वही आणली.

रोज ऊन तिरकं असेल तेवढाच वेळ, सुई ओवावी तसं एकेक अक्षर ती उचलायची. अर्थ सगळाच कळायचा नाही. कळला नाही तर अक्षराचा आकार काढायची, भरतकामाचा नमुना उतरवावा तसा. दोन वर्षांत माझी एकशेबारा पानं झाली. मग डोळे गेले, आणि मागोमाग ताईही.

आता आम्ही एका वाचनालयाच्या मागच्या खोलीत, फरशीवर ढिगात पडून आहोत. ताईची वही माझ्या पोटात आहे. भिंतीला ओल आहे. ओलीनं कागद फुगतो, मित्रांनो, आणि फुगला की खड्डे भरून येतात. निळ्याचे निम्मे भरलेसुद्धा. त्यातल्या किती छापखानेवाल्यांची नावं कायमची बुजली, ते मलाही सांगता येत नाही, आणि मी तर वाटेल ते सांगणारं पुस्तक.

तेव्हा गोंजारू नका, नवा पुठ्ठाही नको. कुणीतरी चष्मा घेऊन या. आम्हाला खिडकीशी न्या आणि तिरकं धरा. एकशेतेराव्या पानापासून सुरू करा. आणि लवकर या.